नाणेघाटांतील पावलें आणि नांवें

जुन्नर शहर सोडून पश्चिमेकडे निघालेली वाट चावंडच्या किल्ल्याजवळून पुढें सरकते, कुकडी नदीच्या उगमाकडचा मुलूख ओलांडते आणि घाटघरच्या पठारावर येऊन एकदम थांबते. पुढें जमीनच नसते. एका बाजूस नानाचा अंगठा म्हणून ओळखला जाणारा कडा, थोड्या अंतरावर जीवधनचा किल्ला, आणि मधल्या चिंचोळ्या खिंडींतून खालीं कोंकणांत वैशाखऱ्याकडे उतरणारी दगडी वाट. हाच नाणेघाट. सातवाहनांच्या काळीं कल्याण व सोपारा या बंदरांत उतरलेला माल याच वाटेनें जुन्नरास व तेथून प्रतिष्ठानास, म्हणजे आजच्या पैठणास, जात असे. खिंडीच्या तोंडाशीं एक भला मोठा दगडी रांजण आहे; त्यांत जकातीचीं नाणीं टाकीत, असें लोक सांगतात. घाटाचें नांव या नाण्यांवरून पडलें असें कोणी म्हणतात. तर नाना आणि गुणा या दोन भावांपैकीं नानाचा घाट आधीं पुरा झाला म्हणून तें नांव पडलें, अशीही एक कथा त्या बाजूस आहे. ज्या राणीनें या घाटांत आपलें व आपल्या घराण्याचें नांव कातळांत कोरविलें, तिचा मात्र या कथांत कोठेंच उल्लेख नाहीं.

खिंड कोंकणच्या बाजूस उतरूं लागली कीं थोड्याच अंतरावर हें राणीचें लेणें लागतें. लेणें म्हणजे एक साधी चौकोनी खोली. तेथें स्तूप नाहीं, बुद्धमूर्ति नाहीं, नक्षीचे खांब नाहींत. जुन्नरच्या भोंवतालच्या डोंगरांत दोनशेंवर लेणीं आहेत, त्यांच्या कुळांतलें हें नव्हे. डाव्या व उजव्या भिंतींवर ब्राह्मी लिपींत कोरलेल्या ओळी आहेत, प्रत्येक बाजूस दहा दहा. समोरच्या भिंतीवर माणसाएवढ्या उंचीच्या उठावदार आकृतींची एक रांग आहे. आहे असें म्हणतां येत नाहीं. होती असें म्हणावें लागतें. दोन हजारांवर पावसाळे या खिंडीवरून गेले. आज त्या जागीं खडबडीत कातळ आणि कांहीं पावलांच्या पुसट खुणा एवढेंच उरलें आहे. परंतु आकृतींच्या डोक्यांवर ज्याचें त्याचें नांव कोरलेलें होतें, आणि त्यांतील बहुतेक नांवें अजून वाचतां येतात. चेहरे गेले, अलंकार गेले, उभे राहण्याची ढब गेली; खालीं पावलें राहिलीं आणि वर नांवें राहिलीं.

आकृति एकूण आठ होत्या असें मानतात. पहिलें नांव सिमुक सातवाहन राजाचें, म्हणजे घराण्याच्या मूळपुरुषाचें. त्यानंतर देवी नायनिका आणि राजा श्री सातकर्णी यांची जोडी. नायनिका म्हणजेच इतिहासांत नागनिका म्हणून प्रसिद्ध असलेली राणी. मग भाय नांवानें ओळखला जाणारा एक कुमार, पुढें महारठी त्रणकयिर, आणि शेवटीं कुमार हकुसिरि व कुमार सातवाहन. यांतला महारठी त्रणकयिर हा अभ्यासकांनीं नागनिकेचा पिता मानला आहे. सासरच्या राजकुळाच्या ओळींत माहेरच्या वडिलांची मूर्ति उभी करणारी ही राणी साधी नसावी. राजांच्या वंशावळींत सुनांच्या बापांना जागा मिळाल्याचीं उदाहरणें फारशीं आढळत नाहींत. येथें ती दगडांत मिळाली आहे.

मृत राजांच्या मूर्तींचें घर ही कल्पना आपल्या वाङ्मयाला अपरिचित नाहीं. भासाच्या नांवावर असलेल्या प्रतिमानाटकांत भरत आजोळाहून अयोध्येस परत येत असतां वाटेंत एका प्रतिमागृहांत शिरतो. तेथें दिलीप, रघु, अज यांच्या मूर्ति पाहतां पाहतां त्याची दृष्टि दशरथाच्या मूर्तीवर पडते, आणि येथें केवळ दिवंगत राजांच्याच मूर्ति ठेवतात हें कळल्यावर आपला पिता राहिला नाहीं हें त्याला उमगतें. मथुरेजवळ माट येथें कुशाण राजांचें असेंच देवकुल होतें. कनिष्काचा तो प्रसिद्ध शिर नसलेला पुतळा १९११ सालीं तेथेंच सांपडला. नाणेघाटाचें प्रतिमागृह या कुशाण देवकुलाहून जुनें आहे. नाटकांतला नियम मात्र नाणेघाटाला जसाच्या तसा लावतां येणार नाहीं, कारण कुमार म्हणून ज्यांचीं नांवें तेथें आहेत ते सारेच मूर्ति कोरल्या त्या वेळीं दिवंगत होते असें धरण्यास आधार नाहीं.

येथें एक प्रश्न सहज मनांत येतो. घराण्याची स्मृति जतन करावयाची तर ती राजधानींत करावी, वाड्याच्या आवारांत करावी, निदान एखाद्या नगरांत तरी करावी. ती कड्याच्या टोकावरल्या या निर्जन खिंडींत कां केली? उत्तर वाटेंतच आहे. प्रतिष्ठानाच्या वाड्यांत ठेवलेली मूर्ति दरबाऱ्यांनीं पाहिली असती. नाणेघाटांतली मूर्ति कल्याणच्या बंदरावरून बैलांच्या पाठीवर माल घालून चढणाऱ्या प्रत्येक व्यापाऱ्यानें, हमालानें आणि भिक्षूनें पाहिली. घाट चढून दमलेला माणूस सावलीला टेकणार तें ठिकाण हेंच. कोंकण संपून देश सुरू होतो त्या उंबरठ्यावर राजकुळ ओळीनें उभें होतें, आणि येणाऱ्याला आपण कोणाच्या राज्यांत पाऊल टाकीत आहों हें न विचारतां कळत होतें. स्मृति आणि स्थळ यांची ही गांठ विचारपूर्वक मारलेली आहे. तिच्यांत भक्ति आहे, तसा जकातीचा हिशेबही आहे.

बाजूच्या भिंतींवरील लेख हा या चित्ररांगेचा जणूं बोलता भाग. त्याचा आरंभ देवतांना वंदन करून होतो: धर्म, इंद्र, संकर्षण व वासुदेव, चंद्र व सूर्य, आणि यम, वरुण, कुबेर व वासव हे चार लोकपाल. मग राणीचें वर्णन येतें. ती महिनाभर उपवास करणारी, घरांत राहूनच तापसीचें जीवन जगणारी आणि ब्रह्मचर्य पाळणारी आहे असें लेख सांगतो. पुढें यज्ञांची व दक्षिणांची लांबलचक यादी आहे. अश्वमेध आहे, राजसूय आहे. एका ठिकाणीं १,७०० गाई व १० हत्ती, दुसऱ्या ठिकाणीं ११,००० गाई व १,००० घोडे. हे यज्ञ पतीसह केले कीं त्याच्यामागें राज्य सांभाळीत असतां केले, यावर पंडितांत मतभेद आहेत. लेखाचा काळही कोणी इसवी सनापूर्वीच्या दुसऱ्या शतकांत, तर कोणी पहिल्या शतकांत नेतात. परंतु गणिताच्या इतिहासांत या यादीला जें महत्त्व आहे त्याविषयीं दुमत नाहीं. राणीच्या कारकुनानें संख्या केवळ शब्दांत न लिहितां चिन्हांनींही लिहिल्या. शून्याची कल्पना तेथें नाहीं. दहा, शंभर, हजार यांना निरनिराळीं चिन्हें आहेत. भारतांतील अंकचिन्हांच्या सर्वांत जुन्या नमुन्यांत यांची गणना होते. गाईंची मोजदाद बिनचूक व्हावी एवढाच त्या कारकुनाचा हेतु असावा.

या लेण्याकडे अर्वाचीन काळांत विद्वानांचें लक्ष गेलें तें १८२८ च्या उन्हाळ्यांत, आणि तें वेधणारा मनुष्य होता विल्यम हेन्री साइक्स. १७९० सालीं जन्मलेला हा इंग्रज अधिकारी लहान वयांतच कंपनीच्या मुंबई फौजेंत आला. खडकीच्या लढाईंत तो पेशव्यांच्या विरुद्ध लढला. पुढें १८२४ सालीं एल्फिन्स्टननें त्याला दख्खनची सांख्यिकीय पाहणी करण्याच्या कामावर नेमलें. ज्या राज्याविरुद्ध तरवार चालविली, त्याच राज्याच्या जमिनी, पिकें, बाजारभाव, पाऊस, पशु, पक्षी आणि माणसें यांची गणती करीत हा मनुष्य गांवोगांव फिरला. त्यानें दख्खनच्या पक्ष्यांची यादी १८३२ सालीं प्रसिद्ध केली, आणि चंडोलाची एक जात आजही त्याच्या नांवानें ओळखली जाते. नंतर तो विलायतेस जाऊन लंडनच्या सांख्यिकी संस्थेच्या संस्थापकांपैकीं एक झाला, पार्लमेंटांत बसला आणि १८५६ सालीं ईस्ट इंडिया कंपनीचा अध्यक्षही झाला. हा सारा मोठेपणा पुढचा. जुन्नरच्या डोंगरांत तो हिंडत होता तेव्हां तो एक वही बाळगणारा शिपाई होता.

साइक्सनें जुन्नरच्या लेण्यांतील कोरीव लेखांच्या नकला केल्या. त्यांवरून ते लेख १८३७ सालीं लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीच्या नियतकालिकांत छापले गेले. यांतली खरी नवलाची गोष्ट निराळीच आहे. १८२८ सालीं ब्राह्मी लिपि जगांत कोणालाही वाचतां येत नव्हती. जेम्स प्रिन्सेपनें ती उलगडली ती १८३७ च्या सुमारास. म्हणजे साइक्सच्या हातून जे उतरलें तें लेखन नव्हतें, तें चित्र होतें. एखाद्या मुलानें परभाषेंतलीं अक्षरें वेलबुट्टीसारखीं काढावीं, तसें त्यानें एकेक वळण पाहून कागदावर घेतलें. हें काय आहे, कोणाचें आहे, वंदन आहे कीं हिशेब आहे, यांतलें कांहींही त्याला ठाऊक नव्हतें. जुन्नरचीं लेणीं बौद्ध म्हणून नाणेघाटही बौद्धच असावा असें आरंभीं सर्वांनीं धरून ठेवलें होतें. तरी त्यानें नक्कल केली. अर्थ कळेपर्यंत थांबूं, असें तो म्हणता तर थांबण्याच्या काळांत दगड थांबला नसता.

प्रिन्सेपनंतर लिपि खुली झाली. १८५० नंतरच्या वर्षांत मुंबईचे रेव्हरंड जॉन स्टीव्हन्सन यांनीं सह्याद्रींतील लेण्यांच्या लेखांचा अर्थ लावण्याचा यत्न केला. परंतु नाणेघाटाला खरा वाचक मिळाला तो पंडित भगवानलाल इंद्रजी यांच्या रूपानें. १८३९ सालीं जुनागडास जन्मलेल्या भगवानलालांचें इंग्रजी शिक्षण झालेलें नव्हतें. घराजवळच्या गिरनारवर अशोकाचा शिलालेख होता. प्रिन्सेपच्या अक्षरांचा तक्ता मिळवून त्यावरून ते स्वतःच ती लिपि शिकले. पुढें मुंबईंत डॉक्टर भाऊ दाजी यांनीं त्यांना आपल्याकडे घेतलें. भाऊ दाजी हे वैद्य, संशोधक आणि पुराणवस्तूंचे संग्राहक. त्यांचे बंधु डॉक्टर नारायण दाजी हे मुंबईंतील आरंभींच्या छायाचित्रकारांपैकीं एक. जुन्या वस्तूची अचूक प्रतिमा म्हणजे काय, हा प्रश्न त्या घरांत रोजचा होता.

भगवानलालांनीं सारा हिंदुस्थान व नेपाळ पायांखालीं घातला. ते दगडासमोर बसून डोळ्यांनीं पाहून नक्कल करीत, आणि कागदाचा ठसाही घेत. ठसा घेण्याची रीत सोपी दिसते, पण हात बसावा लागतो. कोरलेल्या अक्षरांवर ओला कागद बसवावयाचा, ब्रशानें ठोकून तो अक्षरांच्या खोलगट भागांत शिरवावयाचा, आणि वाळत आला कीं वरून शाई लावावयाची. खोल अक्षरें पांढरीं राहतात, भोंवतालचा दगड काळा उठतो. दगडाला चीर असेल तर चीरही पांढरी उठते, आणि अक्षर कोणतें व चीर कोणती हें कागद सांगत नाहीं; तें पुन्हां दगडाशीं जाऊनच पाहावें लागतें. नाणेघाटांतील अंकांवर भगवानलालांचा निबंध १८७६ सालीं प्रसिद्ध झाला. संपूर्ण लेखाचें वाचन व भाषांतर १८८३ सालीं जर्मन पंडित ब्यूलर यांनीं छापलें, त्यामागेंही भगवानलालांचें काम आहे. विसाव्या शतकांत महामहोपाध्याय वासुदेव विष्णु मिराशी यांनीं तो पुन्हां तपासला आणि मराठी वाचकांसाठीं सातवाहनांच्या साऱ्या लेखांसह आपल्या ग्रंथांत दिला.

साइक्सचा हात आणि भगवानलालांचा हात या दोहोंत एक भेद आहे, आणि तो स्थळांच्या स्मृति टिपणाऱ्या प्रत्येकाला लागू पडणारा आहे. ज्याला वाचतां येत नाहीं तो चुकतो. पण त्याची चूक निर्मळ असते. वळण चुकेल, रेषा सुटेल, परंतु मनांतला शब्द तो दगडावर लादणार नाहीं, कारण त्याच्या मनांत शब्दच नाहीं. ज्याला वाचतां येतें तो फार कमी चुकतो. मात्र त्याची चूक ओळखणें कठीण असतें. अर्धवट झिजलेलें अक्षर पाहतांच त्याला पुरा शब्द दिसूं लागतो. लेखांत जागोजाग तुटलेल्या ओळी आहेत, आणि राणी विधवा होती कीं नव्हती यासारखे वाद बरेचसे अशा तुटलेल्या जागांच्या आसपासच फिरत आले आहेत. भगवानलालांची थोरवी अशी कीं संशय आला तर ते संशय म्हणूनच लिहून ठेवीत. हा गुण विद्वत्तेहून दुर्मिळ आहे.

नागनिकेच्या भिंतीवर केवळ राजकुळ उभें होतें, हेंही विसरून चालणार नाहीं. खर्च तिचा, कारागीर तिचे. त्या चित्रांत कोण असावें हें तिनेंच ठरविलें. ज्यांच्या पायांनीं घाट झिजला ते त्यांत नव्हते. त्यांची आठवण पाहावयाची तर जुन्नरच्या इतर लेण्यांकडे वळावें लागतें. तेथें चित्रें नाहींत, फक्त ओळी दोन ओळींचे दानलेख आहेत. इरिल नांवाच्या यवनानें पाण्याचीं दोन टाकीं दिलीं. चिट नांवाच्या यवनानें भिक्षुसंघाला भोजनमंडप दिला. चंद नांवाच्या तिसऱ्यानेंही असेंच कांहीं बांधकाम करून दिलें. कांसारांची, वेळूचें काम करणारांची व धान्याच्या व्यापाऱ्यांची श्रेणी, म्हणजे संघटना, यांच्या नोंदी आहेत. मानमोडीच्या डोंगरांत नहपान क्षत्रपाचा अमात्य अयम यानें ४६ व्या वर्षीं मंडप व पोढी दिल्याचें कोरलें आहे. पोढी म्हणजे पाण्याचें टाकें. परदेशाहून आलेला माणूस येथें पाण्याचें टाकें खोदवितो आणि वर स्वतःचें नांव घालतो, यांत नागनिकेहून निराळी इच्छा नाहीं; फरक ऐपतीचा आहे.

चलच्चित्राचा कॅमेरा महाराष्ट्रांत आला तेव्हां हेंच जुनें काम नव्या यंत्रानें सुरू झालें. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनीं १८९९ सालीं मुंबईंत कुस्तीचा एक सामना चित्रफितीवर घेतला, आणि १९०१ सालीं रँग्लर परांजपे विलायतेहून परत आले तो प्रसंगही टिपला. दादासाहेब फाळके यांनीं चित्रपट काढण्यापूर्वीं कॅमेरा एका जागीं रोवून कुंडींत रुजणाऱ्या वाटाण्याची वाढ दिवसेंदिवस घेतली. स्थळ न बदलतां काळाला हलतांना दाखविणें ही अनुबोधपटाची अर्धी विद्या त्या कुंडींतच आहे. उरलेली अर्धी विद्या म्हणजे कोणाला चित्रांत घ्यावयाचें आणि कोणाला बाहेर ठेवावयाचें याचा विवेक, आणि तेथें प्रत्येक चित्रकाराला नागनिकेच्याच जागीं उभें राहावें लागतें. कॅमेरा साइक्सप्रमाणें न वाचतां उतरवितो. त्यामागचा माणूस मात्र भगवानलालांप्रमाणें वाचीत असतो, किंवा आपण वाचीत आहों असें त्याला वाटत असतें. गतकाळाच्या खुणा शोधीत जे आज कॅमेरा व रंग घेऊन गांवोगांव फिरतात, त्यांना सह्याद्रीच्या या दोन तालुक्यांइतकें अवघड क्षेत्र क्वचित् मिळेल.

कारण जुन्नरच्या दक्षिणेस लागून असलेल्या आंबेगांव तालुक्यांत नाणेघाटाची गोष्ट उलटी झाली आहे. नाणेघाटांत स्थळ राहिलें व चित्र गेलें. येथें स्थळच गेलें. ज्या गांवावरून तालुक्याला नांव मिळालें तें जुनें आंबेगांव आज घोडनदीवरील डिंभें धरणाच्या पाण्याखालीं आहे. तालुक्याचें ठाणें घोडेगांवास आहे. कचेरीच्या पाटीवर आंबेगांव आहे, नकाशावर आंबेगांव आहे. विसाव्या शतकाच्या अखेरीस कुकडी प्रकल्पांतलें हें धरण पुरें झालें, आणि पूर्वेकडच्या कोरड्या मुलखांत पाणी पोहोंचलें. तें पाणी आवश्यक होतें. खालच्या शेतकऱ्याला त्यानें उभें केलें, हें कबूल केलें पाहिजे. वरच्या खोऱ्यांतल्या महादेव कोळी व कातकरी कुटुंबांच्या जमिनी त्यासाठीं गेल्या, हेंही तितकेंच खरें. जलाशयाला हुतात्मा बाबू गेनू यांचें नांव दिलें आहे. १२ डिसेंबर १९३० रोजीं मुंबईंत परदेशी कापडाच्या मोटारीखालीं प्राण देणारा तो गिरणीकामगार याच तालुक्यांतील महाळुंगें पडवळचा. त्याचें स्मारक ज्या पाण्याला झालें, त्याच पाण्यानें तालुक्याच्या मूळ गांवाला झांकलें.

उन्हाळ्यांत पाणी फार खालीं उतरलें कीं जुन्या गांवाचे अवशेष उघडे पडतात. घरांचे चौथरे दिसूं लागतात, देवळाचे दगड वर येतात. पाऊस पडला कीं पुन्हां पाणी. नाणेघाटांतल्या पावलांसारख्याच या खुणा. फरक इतकाच कीं त्या वाचण्यास वर्षांतून थोडेच दिवस मिळतात. पाणी ओसरल्यावर उघड्या पडणाऱ्या गाळाच्या जमिनींत पीक काढण्याचा हक्क आणि जलाशयांत मासेमारीचा हक्क येथील आदिवासींनीं मिळविला. त्यांच्याबरोबर राहून काम करणाऱ्या शाश्वत या संस्थेला २०१२ सालीं संयुक्त राष्ट्रांचें इक्वेटर पारितोषिक मिळालें. ज्या पाण्यानें जमीन नेली त्याच्याच कांठावर पीक घेणाऱ्या या लोकांची आठवण कोणत्याही भिंतीवर कोरलेली नाहीं.

याच खोऱ्यांत माळीण आहे. ३० जुलै २०१४ रोजीं सकाळीं मुसळधार पावसांत गांवामागचा डोंगर खचला आणि थोड्याच वेळांत चाळीसांहून अधिक घरें गाडलीं गेलीं. मृतांची संख्या १५१ झाली. पुढें नवें गांव वसविण्यांत आलें आणि मृतांच्या स्मरणार्थ स्मृतिस्तंभ उभारला गेला. परंतु गांव गेलें ही बातमी त्या सकाळीं गांवाबाहेर कशी पडली, हें लक्षांत ठेवण्यासारखें आहे. गाडल्या गेलेल्या घरांतून कोणी हांक मारूं शकलें नाहीं. नेहमींच्या फेरीची एस. टी. घेऊन एक चालक त्या वळणावर आला. जेथें घरें दिसावयास पाहिजेत तेथें त्याला चिखलाचा व दगडांचा उतार दिसला. परक्या माणसाला तो नुसता डोंगर वाटला असता. चालक त्या वाटेनें नेहमीं येत होता, घरें कोठें असतात हें त्याच्या डोळ्यांना पाठ होतें, म्हणून काय नाहीं तें त्याला कळलें. त्यानें गाडी मागें फिरविली आणि बातमी खालीं पोहोंचविली. त्यानंतर मदतीचीं माणसें वर निघालीं.